थेट हायकोर्टात की आधी अपील? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सोसायटीचं भांडण, पालिकेची नोटीस, निलंबन, बँकेचा ताबा, गावच्या जमिनीचा फेरफार. विषय कुठलाही असो, मला येणाऱ्या निरोपांचा शेवट बहुधा एकच असतो: "सरळ हायकोर्टात टाकू का?" त्याच प्रश्नाची ही वेगवेगळी रूपं, नावगाव काढून. पहिले पाच प्रश्न सगळ्यांनी वाचावेत, पुढचे गरजेप्रमाणे. ही सर्वसाधारण माहिती आहे. कलमांत दुरुस्त्या होत असतात, म्हणून दिवस मोजण्याआधी कायद्याचा चालू मजकूर पाहा आणि आपल्या वकिलांना विचारा.

१. हायकोर्टाला एवढे अधिकार आहेत, मग "आधी अपील करा" असं का सांगतात?

राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली हायकोर्टाचा अधिकार खरोखरच मोठा आहे. पण कायदा करतानाच त्यात "या आदेशाने नाराज झालेल्याने अमुक अधिकाऱ्याकडे, अमुक दिवसांत जावं" अशी सोय ठेवलेली असेल, तर ती ओलांडून आलेल्याला हायकोर्ट साधारणपणे परत पाठवतं. १९६४ च्या थानसिंग नथमल खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केलं आणि तेव्हापासून ते शेकडो आदेशांत उद्धृत होत आलंय.

यात तुमचा तोटाच आहे असं समजू नका. रिट याचिका (म्हणजे अनुच्छेद २२६ खाली हायकोर्टात केलेला अर्ज) प्रतिज्ञापत्रांवर चालते, साक्षीपुरावा सहसा होत नाही. "मोजणी चुकली", "पैसे भरले होते तरी थकबाकी दाखवली", "सभेला कोरमच नव्हता" ही भांडणं अपिलात नीट लढता येतात, कारण तिथला अधिकारी वस्तुस्थिती नव्याने तपासू शकतो. हायकोर्टात आदेशातली कायद्याची चूक दाखवावी लागते. दुसरा निर्णयही शक्य होता, एवढ्या कारणावर तिथे आदेश रद्द होत नाही. ज्याच्या कागदात दम आहे त्याने अपिलाला कमी लेखू नये, असं माझं स्पष्ट मत आहे.

२. म्हणजे अपील न करता केलेली रिट बेकायदा ठरते का?

नाही. हा नियम हायकोर्टाने स्वतःवर घालून घेतलेला संयम आहे. उत्तर प्रदेश राज्य विरुद्ध मोहम्मद नूह या १९५८ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की हा धोरणाचा, सोयीचा आणि विवेकाचा नियम आहे, कायद्याचा अडसर नाही. २०२३ मध्ये गोदरेज सारा ली प्रकरणात तेच पुन्हा बजावलं: अपिलाची सोय आहे एवढ्यावरून याचिका चालण्याजोगी नाही असं म्हणता येत नाही. ती ऐकून घ्यावी की नाही, हा पुढचा आणि वेगळा प्रश्न.

व्यवहारात मात्र बहुतेक याचिका या पुढच्या प्रश्नावरच अडतात. ऐकून का घ्यावी, याचं उत्तर तयार नसेल तर जाऊ नका. ती कारणं प्रश्न ६ मध्ये आहेत.

३. आदेशावर अपील कुठे करायचं ते लिहिलेलंच नाही. शोधायचं कसं?

आदेशाच्या पहिल्या परिच्छेदात किंवा शेवटी सहीच्या वर "कलम अमुक अन्वये" असं असतं. तो कायदा उघडा आणि अनुक्रमणिकेत अपील, पुनरीक्षण (वरिष्ठाने आदेश तपासून पाहणं) हे शब्द शोधा, ते प्रकरण बहुधा मागच्या भागात असतं. तीन गोष्टी टिपून घ्या: कोणाकडे जायचं, किती दिवसांत, आणि उशीर माफ करण्याचा अधिकार किती. तिसरी गोष्ट लोक बघतच नाहीत आणि पुढे तीच नडते (प्रश्न १२).

दिवस बहुधा आदेश तुम्हाला कळल्यापासून मोजतात, आदेशावरच्या तारखेपासून नाही. म्हणून पोस्टाचा शिक्का असलेलं पाकीट फेकू नका. सोसायटीच्या कार्यालयात आलं असेल तर आवक नोंदवहीतल्या त्या पानाचा फोटो काढून ठेवा. प्रमाणित प्रतीसाठी अर्ज केल्याची पावती जपा. प्रत मिळण्यात गेलेला काळ साधारणपणे मुदतीतून वगळतात.

४. मुंबईतल्या नेहमीच्या प्रकरणांत पहिली पायरी कुठली आणि मुदत किती?

सोसायट्यांपासून सुरू करू, कारण निम्मे प्रश्न तिथलेच. सहकार खात्याच्या उपनिबंधकाच्या आदेशावर महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या कलम १५२ खाली अपील होतं, आदेश कळल्यापासून दोन महिन्यांत. पण हे अपील त्या कलमात नावानिशी दिलेल्या आदेशांपुरतंच आहे. उरलेल्या आदेशांवर कलम १५४ चं पुनरीक्षण करावं लागतं. चुकीच्या कलमाखाली अर्ज करून महिने घालवणारे बरेच भेटतात. सहकार न्यायालयाच्या निकालावर कलम ९७ खाली सहकारी अपील न्यायालयात जायचं, तिथेही दोन महिने. कमिटीच्या निवडणुकीत उमेदवारी अर्ज बाद झाला तर कलम १५२-अ खाली फक्त तीन दिवस असतात. त्यात शनिवार-रविवार आला म्हणजे सोमवारी धावपळ.

महारेराच्या (बिल्डर आणि घर घेणारे यांचे वाद पाहणारं प्राधिकरण) आदेशावर अपिलीय न्यायाधिकरण, ६० दिवस. मालमत्ता कराच्या मूल्यांकनावर आधी पालिकेकडे तक्रार, मग मुंबई महानगरपालिका अधिनियम, १८८८ च्या कलम २१७ खाली धोबी तलावच्या लघुवाद न्यायालयात अपील. मंडळ अधिकाऱ्याने मंजूर केलेल्या फेरफारावर जमीन महसूल संहितेच्या कलम २४७ खाली प्रांताकडे, ६० दिवसांत. जिल्हाधिकाऱ्यांचा आदेश असेल तर ९० दिवस.

खासगी शाळेतून काढलेल्या शिक्षकासाठी शाळा न्यायाधिकरण, ३० दिवस. तडीपारीच्या आदेशावर महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम ६० खाली राज्य शासनाकडे, ३० दिवस. माहिती अधिकारात पहिलं अपील ३० दिवसांत आणि दुसरं ९० दिवसांत. बँकेने सरफेसी कायद्याखाली (थकलेल्या कर्जासाठी तारण ताब्यात घेण्याचा कायदा) ताबा घेतला तर कर्जवसुली न्यायाधिकरणात ४५ दिवसांत. जीएसटीच्या आदेशावर तीन महिने. जिल्हा ग्राहक आयोगाच्या निकालावर राज्य आयोगाकडे ४५ दिवस.

राज्य सरकारी कर्मचाऱ्यांनी आधी सेवानियमांतलं खात्याअंतर्गत अपील करायचं, मग मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण). प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ च्या कलम २० मध्ये हे लिहूनच ठेवलंय. त्याच कलमात कर्मचाऱ्यांच्या सोयीची एक तरतूद आहे: अपील किंवा नियमातलं निवेदन करून सहा महिने उलटले आणि निर्णय आला नाही, तर तो मार्ग संपला असं धरून मॅटमध्ये जाता येतं.

५. पुनरीक्षण, पुनर्विलोकन, मंत्र्यांना दिलेलं निवेदन… हे सगळं संपवल्याशिवाय हायकोर्ट नाही का?

अपील हा हक्क आहे आणि तो वापरायलाच हवा. पुनरीक्षण ऐकायचं की नाही हे त्या अधिकाऱ्याच्या मर्जीवर असतं. तरीही सहकार कायद्याच्या कलम १५४ सारखं नेहमीच्या वापरातलं पुनरीक्षण असेल तर हायकोर्ट सहसा तिकडेच बोट दाखवतं. त्याच अधिकाऱ्याकडे पुनर्विलोकन मागणं ही सक्तीची पायरी शक्यतो धरली जात नाही.

निवेदनाची गोष्ट निराळी. कायद्यात किंवा नियमात नसलेलं निवेदन म्हणजे साधं पत्र. त्याची पोच घेऊन मंत्रालयात कितीही चकरा मारल्या तरी मुदतीचं घड्याळ थांबत नाही. एस. एस. राठोड खटल्यात १९८९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की कायद्यात नसलेली निवेदनं पुन्हा पुन्हा केल्याने मुदत वाढत नाही. "साहेबांनी बघतो म्हटलंय" या वाक्यावर बसून राहिलेल्यांची अपिलं बुडालेली आहेत. निवेदन द्यायचं तर द्या, पण अपील आधी दाखल करा.

६. थेट हायकोर्टात जाता येईल असे अपवाद कोणते?

१९९८ च्या व्हर्लपूल निकालात ते एकत्र मांडलेले आहेत आणि २०२१ मध्ये राधा क्रिशन इंडस्ट्रीज प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने त्यांची पुन्हा उजळणी केली. मूलभूत हक्कांची अंमलबजावणी, नैसर्गिक न्यायाचा भंग, अधिकार नसताना दिलेला आदेश, आणि खुद्द कायद्याच्या किंवा नियमाच्या वैधतेला आव्हान.

शेवटचा सर्वांत सरळ. अपील ऐकणारा अधिकारी त्याच कायद्याने नेमलेला असतो, तो त्या कायद्याला घटनाबाह्य कसा ठरवणार? अशा मुद्द्यासाठी त्याच्याकडे पाठवण्यात अर्थच नसतो. मात्र वैधतेचा मुद्दा नुसता तोंडी लावायला घातलेला असेल तर न्यायमूर्तींच्या ते लगेच लक्षात येतं.

अधिकारक्षेत्राच्या मुद्द्यावर लोक फार गल्लत करतात. "चुकीचा आदेश दिला" आणि "आदेश देण्याचा अधिकारच नव्हता" यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे. सभासद आणि सोसायटी यांच्यातला जो वाद कलम ९१ खाली सहकार न्यायालयानेच ठरवायचा, तो उपनिबंधकाने स्वतः निकाली काढला, तर अधिकाराचा प्रश्न उभा राहतो. अधिकार त्याचाच होता, पण पुरावा नीट वाचला नाही, तर ते अपिलाचं काम.

शिवाय वस्तुस्थितीबद्दल वाद नाही, फक्त कायद्याचा अर्थ लावायचा आहे, अशा वेळीही हायकोर्ट याचिका ऐकू शकतं. गोदरेज सारा ली प्रकरण त्याच धर्तीचं. उलट तथ्यांवर ओढाताण असेल तर वरच्या चारांपैकी एखादा अपवाद लागू असूनही तुम्हाला परत पाठवलं जाऊ शकतं. अपवाद दाखवला म्हणजे न्यायालयाचा विवेक संपला असं होत नाही.

७. मला सुनावणीच दिली नाही. हा नैसर्गिक न्यायाचा भंग ना? मग थेट जातो.

थांबा. नोटीसच न देता आदेश झाला असेल तर मुद्दा पक्का आहे. पण "दोन तारखा दिल्या, तिसरी दिली नाही" किंवा "वकील आले नाहीत तरी प्रकरण निकालासाठी बंद केलं" यावर हायकोर्टाला हलवणं कठीण. उत्तर प्रदेश राज्य विरुद्ध सुधीरकुमार सिंग या २०२० च्या निकालानुसार भंगामुळे तुमचं नुकसान काय झालं हेही दाखवावं लागतं. सुनावणी मिळाली असती तर नेमकं काय सांगितलं असतं, कोणता कागद दाखवला असता, ते याचिकेत लिहा. लिहायला काहीच सुचत नसेल तर मुद्दा कच्चा आहे.

ज्या अहवालाच्या आधारे आदेश झाला त्याची प्रत तुम्हाला दिलीच नाही, हे मात्र पुष्कळदा चांगलं कारण ठरतं. रोजनाम्याची प्रत काढा. कोणत्या तारखेला काय झालं, कोण हजर होतं, अहवाल कधी दाखल झाला, सगळं त्यात ओळीने सापडतं.

८. नुसती कारणे दाखवा नोटीस आली आहे. तीच हायकोर्टात रद्द करून घेता येईल का?

साधारणपणे नाही. अजून निर्णय झालेला नाही, उत्तर द्या, असंच सांगतील. नोटीस देणाऱ्याला मुळात अधिकारच नसेल, किंवा त्याने मनाशी निर्णय पक्का करून नोटीस केवळ उपचार म्हणून धाडली असेल, तर गोष्ट वेगळी. दुसऱ्या अपवादाचं जवळचं उदाहरण म्हणजे सीमेन्स विरुद्ध महाराष्ट्र राज्य, २००६. नवी मुंबईतल्या उपकराच्या त्या प्रकरणात देणं नक्की ठरवूनच नोटीस दिल्याचं दिसलं, तेव्हा रिट ऐकायला हवी होती असं सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं.

हायकोर्टात जा वा न जा, नोटिशीचं उत्तर मुदतीत पाठवाच.

९. पालिकेने बांधकाम पाडण्याची नोटीस लावली आहे. अपिलात वेळ गेला तर घरच उरणार नाही. काय करू?

मुंबई महानगरपालिका अधिनियमाच्या कलम ३५१ च्या आदेशावर अपिलाची सोय नाही. नेहमीचा मार्ग म्हणजे शहर दिवाणी न्यायालयात दावा आणि त्यातच मनाईहुकमाचा अर्ज. फोर्टला किंवा दिंडोशीला, जागेप्रमाणे. कायद्यात अपील नाही म्हणजे हायकोर्ट आपोआप उघडं, असं इथे होत नाही. दावा हाही पर्यायी उपायच धरतात, कारण बांधकाम केव्हाचं आहे हा पुराव्याचा प्रश्न असतो.

१३ नोव्हेंबर २०२४ ला सर्वोच्च न्यायालयाने पाडकामाबाबत देशभरासाठी निर्देश दिले. स्थानिक कायद्यातली मुदत किंवा १५ दिवस, यांतलं जे जास्त असेल तेवढी नोटीस, व्यक्तिगत सुनावणी, कारणांसह आदेश, आणि आदेश मिळाल्यावरही १५ दिवस अंमलबजावणी नाही. रस्ता, पदपथ, रेल्वेमार्गालगतची जागा, नदी किंवा तलाव अशा सार्वजनिक जागेवरच्या अनधिकृत बांधकामाला आणि न्यायालयानेच पाडायला सांगितलेल्या बांधकामाला हे संरक्षण नाही. हे निर्देश धुडकावून मशीन दारात उभं राहिलं, तर त्याच दिवशी हायकोर्टात तातडीने उल्लेख करून तारीख मागता येते. तिथे नोटिशीचा फोटो, ती भिंतीवर चिकटवल्याची तारीख आणि तुम्ही दिलेल्या उत्तराची पोच हे तीन कागद हातात हवेत.

इतर कायद्यांत अपिलासोबतच स्थगितीचा अर्ज करा. जमीन महसूल संहितेच्या कलम २५६ मध्ये तशी स्वतंत्र तरतूद आहे. नुसत्या अपिलाने आदेश थांबत नाही, हे बऱ्याच जणांना तलाठी दारात आल्यावर कळतं.

१०. अपिलासाठी आधी मोठी रक्कम भरा म्हणतात. पैसेच नाहीत. या कारणावर रिट होईल का?

फारशी आशा धरू नका. जीएसटीत वादातल्या कराच्या १० टक्के, ग्राहक आयोगाच्या आदेशावर राज्य आयोगात ५० टक्के, सहकार कायद्यात कलम १०१ च्या वसुली दाखल्यावर पुनरीक्षणासाठी ५० टक्के. अशा अटी कायद्यानेच घातल्या आहेत आणि त्या जड आहेत एवढ्यावरून अपील निरुपयोगी ठरत नाही. महारेराच्या आदेशावर अपील करणाऱ्या बिल्डरला घर घेणाऱ्याची पूर्ण रक्कम आधी भरावी लागते. सर्वोच्च न्यायालयाने २०२१ च्या न्यूटेक निकालात ही अट वैध ठरवली. घर घेणाऱ्याने अपील केलं तर त्याला ही अट नाही, हे सांगूनही लोकांचा विश्वास बसत नाही.

सरफेसीत दोन टप्पे वेगळे आहेत. कर्जवसुली न्यायाधिकरणात कलम १७ चा अर्ज करताना अशी ठेव लागत नाही. त्याच्या वरच्या अपिलीय न्यायाधिकरणात कर्जदाराला ५० टक्के भरावे लागतात. ते २५ टक्क्यांपर्यंत खाली आणता येतात, त्याहून कमी नाही.

११. अपील ऐकणारं न्यायाधिकरणच सुरू नाही, किंवा अपील करून काळ लोटला तरी तारीख लागत नाही. तरीही तिथेच थांबायचं?

पहिल्या स्थितीत नाही. कागदावर असलेला पण प्रत्यक्षात नसलेला उपाय हा उपाय नव्हे. जीएसटी अपिलीय न्यायाधिकरण कायद्यात २०१७ पासून होतं, उद्घाटन व्हायला २०२५ उजाडलं. मधल्या काळात पहिल्या अपिलाच्या निकालानंतर लोक हायकोर्टातच जात होते आणि त्या याचिका ऐकल्या गेल्या.

दुसऱ्या स्थितीत मागणी बदला. मूळ आदेश रद्द करा असं न मागता "माझं अपील अमुक आठवड्यांत निकाली काढण्याचा आदेश द्या, तोवर सक्तीची कारवाई नको" एवढंच मागा. अशी छोटी याचिका हायकोर्टात पुष्कळदा पहिल्या-दुसऱ्या तारखेलाच निकाली निघते, कारण ती अपिलाला वळसा घालत नाही, त्यालाच ढकलते. माहिती अधिकारातल्या दुसऱ्या अपिलाला निर्णयाची मुदत कायद्यात घातलेलीच नाही, तिथे हा मार्ग विशेष उपयोगी. मला विचाराल तर या विषयातलं सर्वांत कमी वापरलं जाणारं हत्यार हेच आहे.

१२. अपिलाची मुदत संपून गेली. आता रिट करता येईल ना? तिला तर मुदतच नसते.

हा सर्वांत धोक्याचा गैरसमज. रिटला ठरावीक मुदत नाही हे खरं, पण विनाकारण उशीर तिथेही चालत नाही. मुख्य म्हणजे हातातलं अपील घालवून मग "आता दुसरा मार्ग उरला नाही" असं म्हणता येत नाही. काकीनाडाच्या ग्लॅक्सो स्मिथक्लाइन प्रकरणात २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की कायद्याने उशीर माफीला जी कमाल मर्यादा घातली, ती संपल्यानंतर हायकोर्टाने रिटमधून तेच दार पुन्हा उघडू नये.

म्हणून प्रश्न ३ मधली तिसरी नोंद महत्त्वाची. जीएसटीत तीन महिन्यांवर फक्त एक महिना माफ होतो, त्यापुढे अपिलीय अधिकाऱ्याचे हात बांधलेले. जमीन महसूल संहितेत कलम २५१ खाली पुरेसं कारण दाखवलं तर माफीला तशी कमाल मर्यादा नाही. तुमचा कायदा दुसऱ्या प्रकारचा असेल तर उशीर झाला तरी अपीलच करा, माफीचा अर्ज जोडून. आजारपण असेल तर डिस्चार्ज कार्ड लावा. "घरगुती अडचणींमुळे" या दोन शब्दांवर उशीर माफ होत नाही.

१३. रिट केली, काही महिन्यांनी "अपिलात जा" म्हणून परत पाठवली. मधले दिवस फुकट गेले का?

सहसा जात नाहीत, पण ते आपोआप वाचतही नाहीत. मुदत अधिनियमाच्या कलम १४ नुसार सद्‌हेतूने आणि तत्परतेने चुकीच्या ठिकाणी घालवलेला काळ वगळता येतो. न्यायाधिकरणांपुढे आणि अर्धन्यायिक अधिकाऱ्यांपुढेही त्यामागचं तत्त्व लागू होतं, असं २०१५ च्या एम. पी. स्टील निकालाने ठरवलं. मात्र तुम्ही रिट दाखल केली तेव्हा अपिलाची मुदत शिल्लक असायला हवी.

याचिका मागे घेण्याची वेळ आली तर वकिलांना आदेशात चार गोष्टी नोंदवून घ्यायला सांगा: अपिलाची मुभा, हायकोर्टात गेलेल्या काळाची नोंद, सर्व मुद्दे खुले, आणि अंतरिम संरक्षण असेल तर ते आणखी काही आठवडे चालू. ही विनंती त्याच क्षणी करायची असते. "याचिका मागे घेतली, निकाली" एवढी एकच ओळ असलेला आदेश घेऊन बाहेर पडलेल्या माणसाला पुढे अपिलीय अधिकाऱ्यासमोर प्रत्येक आठवड्याचा हिशेब द्यावा लागतो.

१४. अपीलही करतो आणि रिटही करतो, काय बिघडलं?

बिघडतं. एकाच आदेशावर दोन घोडी एकदम दामटलेली कोणालाच आवडत नाहीत, आणि लपवलंत तर प्रश्न १९ वाचा. सेलिर विरुद्ध बाफना मोटर्स (मुंबई) या २०२३ च्या निकालात कर्जदाराचा अर्ज कर्जवसुली न्यायाधिकरणात असताना मुंबई उच्च न्यायालयाने रिटमध्ये दिलासा दिला होता. सर्वोच्च न्यायालयाने तो रद्द केला. बँकेच्या वसुलीत तर २०१० च्या सत्यवती टंडन निकालापासून हायकोर्टांना वारंवार बजावण्यात आलंय की सरफेसीच्या वाटेत पडू नका. प्रश्न ११ मधली, अपील लवकर ऐकावं एवढ्यापुरती रिट यात मोडत नाही.

१५. माझी याचिका दाखल करून घेतली, वर्षानुवर्षं पडून आहे. आता "अपील का केलं नाही" म्हणून फेटाळतील का?

हिरदय नारायण खटल्यात १९७० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं होतं की याचिका दाखल करून घेऊन गुणदोषांवर ऐकल्यावर केवळ पर्यायी उपायाच्या कारणावर ती फेटाळणं योग्य नाही, विशेषतः तोवर त्या उपायाची मुदत गेली असेल तर. हा आधार चांगला आहे, हमी नव्हे. दाखल करून घेताना न्यायालयाने तो मुद्दा खुला ठेवला होता का, ते जुन्या आदेशात तपासा.

१६. कुठल्या कायद्यात अपीलच नाही, सरळ हायकोर्टच आहे?

आहेत तसे. जात पडताळणी समितीचा निर्णय हे ठळक उदाहरण: राज्याच्या २००१ च्या अधिनियम क्रमांक २३ मधल्या कलम ७(२) नुसार तो अंतिम असतो आणि त्याला आव्हान फक्त हायकोर्टात. पण उपविभागीय अधिकाऱ्याने जातीचा दाखलाच नाकारला असेल तर कलम ५ खाली ३० दिवसांत अपील आहे. दाखला आणि पडताळणी यांची गल्लत करू नका.

मानीव अभिहस्तांतरणाच्या आदेशावरही (बिल्डरने जमीन नावावर करून दिली नाही तर सोसायटीला ती मिळवून देणारा आदेश) मोफा या सदनिकांच्या कायद्यात अपील नाही. जमीनमालक किंवा बिल्डर रिट करतात. २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की मालकीचा वाद दिवाणी दाव्यात नेण्याची वाट त्यांना मोकळीच असते, हे हायकोर्टाने अशा याचिका ऐकताना लक्षात ठेवावं. सोसायट्यांनी हा मुद्दा उत्तरात जरूर घ्यावा.

ज्येष्ठ नागरिक कायदा, २००७ मध्ये कलम १६ चं अपील शब्दशः पाहता फक्त आई-वडील किंवा ज्येष्ठ नागरिकालाच दिलेलं आहे. घर रिकामं करण्याचा आदेश झालेली मुलं म्हणून मुंबईत रिट घेऊन येताना दिसतात.

१७. न्यायाधिकरणातही हरलो. आता सुप्रीम कोर्ट का?

बहुधा नाही. मॅट किंवा केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या निकालावर हायकोर्टाच्या खंडपीठापुढे जायचं. १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालाने हायकोर्टाचा हा अधिकार घटनेच्या मूलभूत चौकटीचा भाग ठरवला. राष्ट्रीय ग्राहक आयोगाने अपिलात दिलेल्या निर्णयावरही हायकोर्टात अनुच्छेद २२७ खाली (खालच्या न्यायाधिकरणांवर देखरेखीचा अधिकार) जाता येतं, असं २०२२ च्या इब्रत फैजान निकालात म्हटलंय. महारेराच्या अपिलीय न्यायाधिकरणावर मात्र रिट नको. तिथे रेरा कायद्याचं कलम ५८ हायकोर्टात रीतसर दुसरं अपील देतं, ६० दिवसांत आणि कायद्याच्या भरीव मुद्द्यावरच.

मूलभूत हक्कांसाठी अनुच्छेद ३२ खाली थेट सर्वोच्च न्यायालयात जाता येतं हे खरं असलं, तरी तिथलं खंडपीठही "आधी हायकोर्टात जा" असंच सांगण्याची शक्यता मोठी. दिल्लीचं तिकीट त्यानंतर काढा.

१८. राहतो मुंबईत, जमीन रत्नागिरीत. याचिका फोर्टच्या हायकोर्टात करू ना?

१८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झालं. कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग जिल्ह्यांची प्रकरणं तिकडे गेली. रायगड, ठाणे, पालघर मुंबईलाच. तुम्ही कुठे राहता यापेक्षा वाद कुठे उद्भवला ते पाहतात.

१९. वकील म्हणतात, याचिकेत "दुसरा कोणताही परिणामकारक उपाय नाही" असं लिहायचंच असतं. पण अपील तर आहे. सही करू का?

हे वाक्य जवळजवळ प्रत्येक रिट याचिकेच्या शेवटी असतं आणि बरेच जण न वाचता सही करतात. पण त्याखाली प्रतिज्ञापत्र तुमचं असतं. अपील आहे हे ठाऊक असून दडवलं, किंवा दाखल केलेल्या अपिलाचा उल्लेख टाळला, तर तेवढ्या एका कारणावर याचिका फेटाळली जाऊ शकते, वर खर्चही बसतो. सेल या सरकारी पोलाद कंपनीविरुद्धच्या के. डी. शर्मा प्रकरणात २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बजावलंय की रिटमध्ये येणाऱ्याने सगळी तथ्यं न लपवता मांडलीच पाहिजेत.

ठरीव वाक्याऐवजी खरा परिच्छेद मागा. उदाहरणार्थ: "सदर आदेशाविरुद्ध कलम १५२ अन्वये अपिलाची तरतूद आहे. तथापि आदेश देणाऱ्या अधिकाऱ्यास सदर वाद निकाली काढण्याचा अधिकारच नसल्याने व याचिकाकर्त्यास कोणतीही नोटीस दिली गेली नसल्याने ही याचिका दाखल केली आहे. अपिलाची मुदत अमुक तारखेस संपते." त्यातली शेवटची तारीख गाळू देऊ नका. परत पाठवायची वेळ आली तर प्रश्न १३ मधलं संरक्षण मागताना न्यायमूर्ती आधी तीच विचारतात.